पाच नंबरच्या टाकीवरचं विशेषण

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या कंपनीचे संचालक, व्यासपीठावर बसलेले व्यवस्थापक साहेब, सुरक्षा अधिकारी, कामगार संघटनेचे सचिव, भाषांतर विभागातले माझे दोन सहकारी (विभाग म्हणजे आम्ही तिघंच, त्यामुळे तो आज संध्याकाळपासून एक तृतीयांशाने कमी होतो आहे), टाक्यांवरचे, गिरणीवरचे, पॅकिंगमधले आणि वर्कशॉपमधले माझे सगळे बंधुभगिनी, आणि शेवटच्या रांगेत दाराजवळ बसलेले, मुद्दाम हे भाषण ऐकायला आलेले पाहुणे आणि त्यांच्या पत्नी, सगळ्यांना माझा नमस्कार.

सूत्रसंचालकांनी मला आठ मिनिटं दिली आहेत. एकतीस वर्षांना आठ मिनिटं, म्हणजे वर्षाला पंधरा-सोळा सेकंद पडतात. मी वेळ पाळणारी बाई आहे, हे सगळ्यांना ठाऊक आहे. आज पाळणार नाही. आधीच सांगून ठेवते, म्हणजे नंतर घड्याळ दाखवायला नको.

माझ्याबद्दल आतापर्यंत चार वक्ते बोलले. फार चांगलं बोलले. निरोपाच्या दिवशी माणूस किती गुणी होऊन जातो, हे स्वतः त्या खुर्चीत बसल्याशिवाय कळत नाही. ऐकून मन भरून आलं, आणि ते खोटं नाही. पण व्यवस्थापक साहेबांच्या भाषणातलं एक वाक्य ऐकलं आणि मी घरून सौम्य शब्दांत लिहून आणलेले कागद मिटून पर्समध्ये ठेवले. साहेब म्हणाले, "बाईंनी या कंपनीला शुद्ध तांत्रिक भाषा दिली. टाक्यांजवळची पाटीच बघा. 'शंक्वाकार टाकीत उतरण्यास सक्त मनाई.' इतका नेमका शब्द दुसऱ्या कुठल्या कारखान्यात दिसेल?"

तुम्ही टाळ्या वाजवल्या. मी खाली मान घालून बसले होते. लोकांना वाटलं असेल, बाई लाजल्या. मी लाजले नव्हते. मला संताप आला होता, आणि तो आवरायला पायाच्या अंगठ्याने सतरंजी दाबत होते.

तेव्हा आज त्या एका शब्दाबद्दलच बोलते. नाहीतरी शब्दांशिवाय मला दुसरं काय येतं?

शंक्वाकार. शंकू अधिक आकार. संधी करताना उकाराचा वकार होतो आणि जिभेला गाठ बसते. आपल्या पेंटरने ती पाटी पहिल्यांदा रंगवली तेव्हा 'शंखाकार' लिहिलं होतं. मी म्हटलं, "अहो, शंख नाही, शंकू." ते म्हणाले, "बाई, शंख निदान बघितलाय. शंकू कुणी बघितलाय?" टाक्यांवर तर त्याचं लगेच 'शंकाकार' झालं. शंका असेल तर आकार बघा, असा विनोदही झाला. हसलो आपण. मीही हसले.

मुळात शंकू म्हणजे खुंटी, मेख. सावलीवरून वेळ सांगण्यासाठी उन्हात काठी रोवायचे, त्या काठीलाही शंकूच म्हणायचे. पुढे भूमितीने तो शब्द उचलला. खाली गोल, वर टोक, आणि टोकापासून गोलापर्यंत सरळ उतरती बाजू, तो शंकू. त्याच्यासारखा तो शंक्वाकार. आता निमुळता म्हणजेही तेच ना, असं लोक विचारतात. नाही. चौकोनी खांबसुद्धा निमुळता असतो, पण तो शंक्वाकार नसतो, कारण शंकूला गोलाई लागते. टोक कापून टाकलं तर उरतो त्याला शंकूछेद म्हणतात. आपल्या बादल्या तशा असतात. आणि शांकव हे तर वेगळंच घराणं. शंकूला तिरकं कापलं की जे वक्र मिळतात, ते शांकव. एका माहितीपत्रकात आपण 'शांकव झाकण' छापलं होतं. झाकण साधं टोपीसारखं होतं. ते पत्रक मी परत मागवलं आणि सगळं नव्याने छापून घेतलं. एका झाकणासाठी. तेव्हाही माझं कौतुक झालं होतं.

पण या शब्दात एक खोट आहे, आणि ती कोशात लिहिलेली नसते. शंक्वाकार म्हटल्यावर टोक कुठल्या बाजूला, हे कळत नाही. चित्र काढायला सांगा, शंभरातले नव्वद जण टोक वर काढतील. तंबू, रस्त्यावरचे नारिंगी शंकू, विदूषकाची टोपी, सगळ्यांचं टोक वर. झाडापानांचं वर्णन करणारे अभ्यासक या बाबतीत फार काटेकोर असतात. फळ देठाकडे टोकदार आणि पुढे रुंद असेल तर नुसतं शंक्वाकार म्हणून ते भागवत नाहीत, उलटा शंकू असं स्पष्ट सांगतात. एका फळासाठी इतकी काळजी घेतात. आपण माणसांसाठी घेतली नाही.

दुसरं असं की ते विशेषण आहे. विशेषण एकटं उभं राहत नाही, ते कुणाचं आहे ते सांगावं लागतं. 'शंक्वाकार टाकी' म्हटलं, तर त्या टाकीचं काय शंक्वाकार आहे? छप्पर, की तळ?

आता तुमच्यापैकी टाक्यांवरचे लोक सरसावून बसले आहेत. मला इथून दिसतंय.

बाकीच्यांसाठी सांगते. आपण पशुखाद्य बनवतो, त्याचा मका पाच टाक्यांमध्ये साठवतो. पहिल्या चार टाक्या जुन्या. त्यांची छपरं पत्र्याची, टोकदार, लांबून टोप्या घालून उभ्या राहिल्यासारखी दिसतात. आतून मात्र त्यांचा तळ सपाट आहे. पाचवी टाकी दोन वर्षांपूर्वी आली. तिचं छप्पर सपाट. आणि तिचा तळ खाली निमुळता होत जाणारा, कारण मका आपोआप मधल्या तोंडाकडे घसरावा. पण हा तळ बाहेरून दिसत नाही. पोलादी पत्र्याचा घेर थेट जमिनीपर्यंत आला आहे. बाहेरून ती सरळसोट पिंप दिसते.

ती टाकी जोडत होते तेव्हा मी बघायला गेले होते. तिच्याबरोबर आलेल्या जाडजूड पुस्तकाचं भाषांतर माझ्याकडे होतं, आणि न बघता भाषांतर करायचं नाही ही माझी खोड. तळ अजून बसवायचा होता, अंगणात पडला होता. वेल्डर म्हणाला, "या बाई, आमचं नरसाळं बघा. यात हत्ती ओतता येईल."

नरसाळं. रॉकेल, तेल, दूध, काहीही अरुंद तोंडात ओतायचं म्हटलं की प्रत्येक घरात लागणारी वस्तू. लहान मुलालासुद्धा तिचं टोक खाली असतं हे माहीत असतं.

पुस्तकात सूचना होती. सपाट तळाच्या टाकीत दोर बांधून, खालचं तोंड बंद करून, वर माणूस ठेवून उतरता येतं. निमुळत्या तळाच्या टाकीत कधीही, कुठल्याही कारणाने उतरायचं नाही. तिथे दाणे भिंतींना धरून बसतात, वर कडक पापुद्रा तयार होतो आणि खाली पोकळी राहते. वरून जमीन वाटते. पाय दिला की खचते, आणि चारी बाजूंच्या उतारावरून सगळा माल मध्ये, माणसाच्या अंगावर येतो.

या सूचनेची पाटी करायची ठरली. मी मसुदा केला. तो कागद आज माझ्याजवळ आहे, कारण एकतीस वर्षांत मी एकही मसुदा फाडलेला नाही. वाचून दाखवते.

"पाच नंबरच्या टाकीचा तळ आतून नरसाळ्यासारखा आहे. या टाकीत कोणत्याही कारणाने उतरू नये."

हा कागद व्यवस्थापक साहेबांकडे गेला. साहेबांनी मला बोलावलं. म्हणाले, "बाई, नरसाळं? बाहेरचे पाहुणे कारखाना बघायला येतात. कंपनीच्या पाटीवर स्वयंपाकघर नको. तुमच्याकडे तांत्रिक शब्द नाही का?"

मी म्हटलं, "आहे. शंक्वाकार."

"मग तो घाला. आणि पाटी एका ओळीत बसली पाहिजे. अक्षरं मोठी हवीत."

मी म्हटलं, "तळ शंक्वाकार असलेल्या टाकीत, असं लिहावं लागेल," आणि मसुद्याखाली तशी ओळ लिहिली.

साहेबांनी हिरव्या शाईने 'तळ' आणि 'असलेल्या' खोडलं. टाकीचा नंबरही खोडला. पुढे तशाच आणखी टाक्या येतील, पाटी सगळ्यांना चालेल म्हणाले. मी त्या खोडलेल्या ओळीकडे बघितलं. काहीतरी निसटलंय हे मला तेव्हाच जाणवलं. जाणवलं नव्हतं असं मी सांगणार नाही. पण चार वाजत आले होते, साहेब खुशीत होते, आणि आपला अवघड शब्द पाटीवर जाणार याचा मलाही थोडा अभिमान वाटला. मी खाली सही केली. ही बघा. निळी सही माझी आहे.

पाटी टाक्यांच्या जिन्याशी लागली. पाचही टाक्यांसाठी एकच.

त्यानंतर तीन महिन्यांनी पॅकिंगमधून एक गृहस्थ टाक्यांवर बदलून आले. सगळे त्यांना मास्तर म्हणतात. ते कधी शाळेत शिकवत नव्हते. शाळा लवकर सुटली होती त्यांची. पण छापलेलं काहीही समोर आलं की ते वाचल्याशिवाय पुढे जायचे नाहीत. नोटीस बोर्ड, औषधाच्या बाटल्या, पोत्यांवरचे शिक्के, सगळं. पॅकिंगमध्ये ज्यांना वाचता येत नाही त्यांना ते जेवणाच्या सुट्टीत सगळ्या नोटिसा वाचून दाखवायचे. शब्द अडला की माझ्याकडे यायचे. टेबलासमोर उभे राहायचे, बसा म्हटलं तरी बसायचे नाहीत. "बाई, एकच शब्द आहे," म्हणायचे. या कारखान्यात माझं लिहिलेलं कुणी खरोखर वाचत असेल, तर तो हा एक माणूस होता.

टाक्यांवर आल्यावर दुसऱ्याच दिवशी ते माझ्याकडे आले. हातात घडी घातलेलं वर्तमानपत्र.

"बाई, एकच शब्द. शंक्वाकार म्हणजे कसं?"

मी माहितीपत्रकाची मुद्रितं तपासत होते. मान वर न करता त्यांचं वर्तमानपत्र घेतलं आणि कडेच्या कोऱ्या जागेत एक शंकू काढला. खाली गोल, वर टोक. "असं."

"म्हणजे टोपीसारखं?"

"हो. टोपीसारखं."

"समजलं," म्हणाले, आणि गेले.

अर्ध्या मिनिटाचं काम होतं. हा शब्द कुठे वाचलात, एवढं विचारलं असतं तरी पुरे होतं. मी विचारलं नाही. मी शब्दाचा अर्थ सांगितला, अगदी बरोबर सांगितला, आणि पुन्हा मुद्रितांत डोकं घातलं.

मास्तरांनी तो अर्थ टाक्यांवरच्या सगळ्यांना सांगितला. तेव्हापासून पाच महिने त्या लोकांनी पहिल्या चार टाक्यांमध्ये पाऊल टाकलं नाही. टोप्या घातलेल्या टाक्या. मनाई आहे ना. बाहेरून लांब बांबू घालून, अर्धवट लोंबकळून त्या साफ करायचे. सफाईला दुप्पट वेळ लागतो म्हणून त्यांना दोनदा मेमो मिळाला. सुरक्षा अधिकारी साहेब, मेमोवर आपली सही आहे. ज्या टाक्यांत उतरायला परवानगी आहे त्यांत ही माणसं का उतरत नाहीत, असा प्रश्न तुम्हाला का पडला नाही? मी हे तुम्हाला खाजगीत विचारायला हवं होतं. पण खाजगीत तुम्ही म्हणाला असता, बाई, जाऊ द्या.

मग चौदा महिन्यांपूर्वीचा तो दिवस. सकाळचे साडेदहा. पाच नंबरच्या टाकीत मका अडकला होता, खालून येईना. ती टाकी पूर्ण रिकामी करायची पहिलीच वेळ होती. मास्तर जिन्याशी थांबले. त्यांनी पाटी वाचली. त्यांच्याबरोबरचे लोक सांगतात, मोठ्याने वाचली. मग त्यांनी पाच नंबरच्या टाकीकडे मान वर करून बघितलं. छप्पर सपाट. ते म्हणाले, "ही चालते."

नियमाप्रमाणे खालचं तोंड बंद केलं. कमरेला दोर बांधला. वर तिघांना उभं केलं. दोर नीट तपासला, ओढून बघितला. आणि आत उतरले. पापुद्र्यावर तीन पावलं टाकली.

दोर होता म्हणून ते छातीपर्यंत गाडले जाऊन थांबले. तिघांनी दोर सोडला नाही. दोघांच्या तळहातांची सालटी गेली. अग्निशमन दलाने येऊन टाकीच्या अंगाला भोकं पाडली, मका बाहेर काढला आणि अडीच तासांनी मास्तरांना वर घेतलं. तीन बरगड्या मोडल्या, फुप्फुसाला इजा झाली. डावा पाय इतका वेळ दाबाखाली होता की त्यात ताकद परत आली नाही.

मग चौकशी झाली. समिती तिघांची, अध्यक्ष व्यवस्थापक साहेब. दोर धरणाऱ्या तिघांपैकी एकालाही बोलावलं नाही. मला बोलावलं. मला एकच प्रश्न विचारला. साहेबांनी विचारला. "बाई, शंक्वाकार हा शब्द बरोबर आहे का?"

मी म्हटलं, "हो. शब्द बरोबर आहे."

"धन्यवाद. या तुम्ही."

मंडळी, मी आयुष्यात खोटं बोलले असेन, कुणी नाही बोललं? पण इतकं अचूक खोटं मी दुसरं बोललेले नाही. त्यातला प्रत्येक शब्द खरा होता.

अहवाल आला. त्यातलं वाक्य मला पाठ आहे. "लेखी सूचना ठळक अक्षरांत लावलेली असूनही कामगाराने ती वाचली नाही अथवा तिच्याकडे दुर्लक्ष केले." वाचली नाही. मास्तरांनी वाचली नाही. या कारखान्यातल्या दीडशे माणसांत एकालाच वाचायचं व्यसन होतं, आणि त्याच्या कपाळावर तुम्ही हे चिकटवलंत. आणि मास्तरांनी त्याच्या खाली मान्य आहे म्हणून सही केली. जबरदस्तीने नाही. त्यांना खरंच वाटलं की आपल्याला शब्द कळला नाही.

मला एक चिठ्ठी आली आहे. "वेळ संपली आहे, कृपया आवरते घ्यावे." वाक्य सुटसुटीत आहे, कर्ता-क्रियापद जागच्या जागी आहे. एकही शब्द खोडावा लागणार नाही. ठेवते ही जवळ.

साहेब, मी तुम्हाला दुष्ट म्हणत नाही. तुम्ही मास्तरांना रुग्णालयात बघायला गेला होता, दोनदा गेला होता, मला माहीत आहे. म्हणूनच जास्त राग येतो. मुद्दाम वाईट करणाऱ्याला निदान आपण काय केलं हे माहीत असतं. तुम्हाला अजूनही माहीत नाही. आज, माझ्या निरोपाला, त्याच पाटीचं उदाहरण देऊन तुम्ही टाळ्या घेतल्यात. चौदा महिने ती पाटी तिथेच होती, अक्षरही न बदलता. आणि मी चौदा महिने तिच्यासमोरून डबा खायला जात होते. तेव्हा हा राग एकट्या तुमच्यावर नाही. त्यातला मोठा वाटा मी घरी घेऊन जाणार आहे.

मी गप्प का होते? निवृत्ती जवळ आली होती. विभाग बंद करायची चर्चा होती, मागे दोन तरुण सहकारी आहेत. ही कारणं आहेत. ती चांगली आहेत असं मी म्हणत नाही.

गेल्या महिन्यात मास्तरांच्या मिसेस मला हात धुवायच्या जागी भेटल्या. त्या पॅकिंगमध्ये आहेत, तुम्ही सगळे ओळखता. साबण लावता लावता म्हणाल्या, "बाई, तुम्ही एकदा घरी याल का? हे पेपर मागवतात आणि उघडत नाहीत. मांडीवर घडी तशीच. शेजारचे फॉर्म वाचून घ्यायला यायचे, त्यांना सांगतात, दुसऱ्या कुणाकडे जा, मला वाचलेलं कळत नाही."

मी नळ बंद केला आणि त्यांना म्हटलं, येते.

गेल्या रविवारी गेले. दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या. मास्तर खिडकीशी खुर्चीत बसले होते, काठी भिंतीला टेकवलेली. मला बघून उठायला लागले. मी नको नको म्हणेपर्यंत उठलेच. मग मी बसले, म्हणजे ते बसावेत. वहिनींनी चहा ठेवला. मी हा कागद काढून त्यांच्या हातात दिला.

त्यांनी तो घेतला आणि नुसता धरून ठेवला. मी म्हटलं, "वाचा ना." मग त्यांनी ओळीखाली बोट धरलं आणि वाचलं. नरसाळ्यापाशी बोट थांबलं.

"हे तुम्ही लिहिलं होतं?"

"हो."

"मग हे हिरवं?"

"व्यवस्थापक साहेबांनी खोडलं. खाली सही माझी आहे."

त्यांचं बोट खाली निळ्या सहीवर गेलं. वहिनी ओट्यापाशी उभ्या होत्या. त्यांनी विचारलं, "म्हणजे ह्यांनी बरोबरच वाचलं होतं?"

"बरोबर वाचलं होतं, वहिनी. मी सांगितलं तसंच वाचलं होतं. पाटीच चुकीची होती. आणि हे मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं."

मला वाटलं होतं, मास्तर म्हणतील, जाऊ द्या बाई, झालं ते झालं. तसं ऐकायला मी गेले असेन, नाही असं छातीठोकपणे सांगत नाही. ते तसं म्हणाले नाहीत. त्यांचा आवाजही चढला नाही. म्हणाले, "चौदा महिने, बाई. चौदा महिने मी हिला सांगतोय, माझं डोकं कमी पडलं. दोर धरणाऱ्यांचे हात माझ्यामुळे सोलले. आणि तुमच्याकडे हा कागद होता."

मी म्हटलं, "हो. माझं चुकलं. माफी मागायला आले आहे."

"माफीचं नंतर बघू. इथे माझ्या घरात येऊन सांगताय. इथे आम्ही दोघंच आहोत. तिथे सगळ्यांना वाटतं, मास्तर न वाचता उतरला. तिथे सांगा."

"सांगते."

"कधी?"

"शुक्रवारी माझा निरोप आहे."

"मी येतो ऐकायला," मास्तर म्हणाले. चहा तसाच राहिला. तिघांचाही.

तर मास्तर, मी सांगितलं. माझ्या एकतीस वर्षांच्या वाचकांपैकी तुमच्याइतकं नीट कुणी वाचलं नाही. तुमची चूक नव्हती. न वाचता कुणी काही केलं असेल, तर ते चौकशी समितीने केलं. नाही, उठू नका. बसून राहा.

आता तीन गोष्टी सांगायच्या आहेत, मग उतरते.

मंगळवारी मी कारखाना निरीक्षकांच्या कार्यालयात जाऊन माझा लेखी जबाब दिला. बरोबर मूळ मसुदा जोडला, हिरव्या आणि निळ्या शाईसकट. इथे हातात आहे ती रंगीत छायाप्रत आहे, तेव्हा कुणी मागून घेण्याची तसदी घेऊ नये. पोच माझ्याकडे आहे. अध्यक्ष महाराज, अहवालातलं ते वाक्य काढून टाकावं अशा विनंतीचं पत्र आज सकाळी तुमच्या टेबलावर ठेवलं आहे. ते तुम्ही अजून वाचलेलं नाही, हे तुमच्या चेहऱ्यावरून कळतंय. आज वाचा.

दुसरं, आज दुपारी जेवणाच्या सुट्टीत टाक्यांजवळची जुनी पाटी उतरवली. परवानगी घेतली नाही. पाट्यांचा मजकूर मंजूर करण्याचा अधिकार भाषांतर विभागप्रमुखाला आहे, आणि आज साडेपाचपर्यंत ती व्यक्ती मी आहे. पेंटरने काल घरी बसून नवी रंगवली. मजकूर माझा नाही. मी रविवारी निघताना मास्तरांना विचारलं होतं, काय लिहिलं असतं तर तुम्ही उतरला नसता? त्यांनी सांगितलं, मी लिहून घेतलं, मास्तरांनी ते परत वाचून एक शब्द बदलला. पाटी अशी आहे: "पाच नंबरची टाकी आतून नरसाळं आहे. वरून जमीन वाटते, ती जमीन नाही. उतरायचं नाही." तीन ओळींची आहे. दिसायला तितकी छान नाही. बाहेरच्या पाहुण्यांना आवडणार नाही. उद्या कुणाला ती काढायची असेल तर काढावी, फक्त काढणाऱ्याने कागदावर कारण लिहून खाली सही करावी. मी केली होती तशी.

तिसरं. नऊ तारखेला सकाळी अकरा वाजता निरीक्षकांपुढे सुनावणी आहे. मी जाणार आहे. मास्तर येणार आहेत आणि आपला जबाब स्वतः वाचून दाखवणार आहेत. त्या दिवशी दोर धरणारे तिघेही या सभागृहात बसले आहेत. मास्तरांनी जिन्याशी उभं राहून पाटी मोठ्याने वाचली, हे त्या तिघांनी ऐकलं आहे, दुसऱ्या कुणी नाही. कंपनीने तुम्हाला कधी विचारलं नाही. आता विचारणारं कुणी आहे. तुमच्या नोकऱ्या आहेत, घरं आहेत, मी तर आजपासून मोकळी आहे, तेव्हा मी तुम्हाला धीर देणं शोभत नाही. मी स्वतः चौदा महिने लावले. तुमच्याकडे दोन आठवडे आहेत. एवढंच सांगते.

आभार मानायचे राहिले. अध्यक्ष महाराज, माइक बंद करायला सांगितला नाहीत, त्याबद्दल आपली आभारी आहे. सचिव, नऊ तारखेला गाडी द्यायचं तुम्ही कबूल केलंत, धन्यवाद. पेंटर, तुमचे विशेष आभार; अक्षर फार सुरेख आलं आहे. माझ्या दोन सहकाऱ्यांनो, मसुदे फाडू नका. आणि वहिनी, तुम्ही मला घरी बोलावलंत, त्याचे आभार कसे मानायचे ते मला येत नाही.

निरोपाचं भाषण असं नसतं, हे मला कळतं. तुम्ही गोड ऐकायला आला होता, मी तिखट वाढलं. अधिकाराने मोठ्या माणसांविषयी चारचौघांत बोलले, उंच आवाजात बोलले, कुणाचं मन दुखावलं असेल, तर ते माझ्या बोलण्याच्या पद्धतीचं उणेपण समजून सोडून द्यावं. बोलण्यातल्या मजकुराबद्दल मात्र क्षमा मागत नाही.

चहा मागच्या बाजूला ठेवला आहे. मास्तरांना आधी बाहेर पडू द्या, त्यांना जिना उतरायला वेळ लागतो. दाराजवळच्या त्या दोन खुर्च्या कुणीतरी बाजूला घ्या.

नमस्कार.